हप्ता परवडतो, मुदत परवडते का?



माझी नोकरीची बरीच वर्षं बँकेच्या कर्जविभागात गेली. घरासाठी कर्ज मागायला येणारा माणूस आधी व्याजाचा दर विचारतो आणि लगेच विचारतो, "साहेब, हप्ता किती बसेल?" आकडा जरा जड वाटला की पुढचं वाक्य ठरलेलं, "थोडा कमी नाही का होणार?" होतो की! वीस वर्षांची मुदत तीस केली की हप्ता उतरतो. अर्जदार खूश, बँक त्याहून खूश. कर्ज किती महाग पडणार हे त्या दोन मिनिटांत ठरून जातं, आणि मुदतीबद्दल मात्र कुणी चकार शब्द काढत नाही. आज मला बोलायचंय ते त्या मुदतीबद्दल.

एकच उदाहरण धरून चालू. ५० लाखांचं कर्ज, दर साडेआठ टक्के, मुदत वीस वर्षं. हप्ता बसतो ४३,३९१ रुपये. वीस वर्षांत बँकेत जातात सुमारे १ कोटी ४ लाख. म्हणजे ५० लाख मुद्दल आणि ५४ लाख व्याज. हेच कर्ज तीस वर्षांचं केलं तर हप्ता होतो ३८,४४६. महिन्याला पाच हजारांना थोडे कमी वाचले. व्याज मात्र ५४ लाखांवरून ८८ लाखांवर गेलं! दर तोच, मुद्दल तेच. पाच हजारांच्या सवलतीपोटी ३४ लाखांचं जादा व्याज. व्याजदर पाव टक्का कमी मिळावा म्हणून चार बँकांचे उंबरे झिजवणारी माणसं या ३४ लाखांवर सही करताना पेनसुद्धा थांबवत नाहीत.

असं का होतं, ते परतफेडीचा तक्ता पाहिला की कळतं. मंजुरीपत्रासोबत तो मिळतो. बहुतेक घरांत तो फायलीच्या तळाशी असतो. त्याची पहिली ओळ वाचून दाखवतो. हप्ता ४३,३९१. त्यातलं व्याज ३५,४१७. मुद्दलात जमा ७,९७४. दुसऱ्या महिन्याची ओळ : मुद्दलात जमा ८,०३१. म्हणजे एका महिन्यात मुद्दलफेड वाढली ५७ रुपयांनी. यात बँकेची लबाडी काही नाही. महिन्याच्या सुरुवातीला जेवढी रक्कम तुमच्याकडे बाकी आहे तिच्यावर महिन्याचं व्याज आधी, उरेल ते मुद्दलात, एवढंच गणित. पण त्याचा परिणाम पाहा. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले, २६ लाख बँकेत गेले, आणि कर्ज उतरलं फक्त ५ लाख ९४ हजारांनी. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत सरल्यावर, डोक्यावर बरोबर ३५ लाख शिल्लक. निम्मं कर्ज फिटायला चौदावं वर्ष संपत येतं. सहाव्या-सातव्या वर्षी घर विकायला निघालेली माणसं शिल्लक रक्कम ऐकून आमच्याशी भांडायला यायची, ती यामुळेच.

आता श्रोत्यांतून कुणीतरी म्हणेल, ५० लाखांवर ५४ लाख व्याज? मग दामदुपटीचं काय झालं? हा प्रश्न मला पुष्कळदा विचारला गेलाय. दामदुपटीचा नियम आपल्या जुन्या हिंदू कायद्यातला, मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनी मानलेला. पण नियम असा होता की, एका वेळी थकलेलं व्याज मुद्दलाहून जास्त वसूल करता येणार नाही. दर महिन्याला व्याज चुकतं होत गेलं, तर वर्षानुवर्षांची बेरीज कितीही होवो, त्याला तो नियम तेव्हाही आड येत नव्हता. आणि आज बँकेचं व्याज जास्त आहे म्हणून न्यायालयाने हिशेब उकरून काढावा, तर बँकिंग नियमन कायद्याच्या कलम २१अ ने तोही रस्ता बंद केलाय. तेव्हा सावकारीविरुद्धची ती ढाल इथे उपयोगाची नाही. आपली राखण आपल्यालाच करायची आहे.

दुसऱ्या बाजूनेही एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर मी नुसता घाबरवतोय असं होईल. १ कोटी ४ लाख ही आजच्या रुपयांतली रक्कम नाही. वीस वर्षांनी भरायचे ४३ हजार त्या वेळच्या पगारातून जाणार, आणि तेव्हा रुपयाची किंमत आजच्याइतकी नसणार. शिवाय कर्ज घेतलं नसतं तर भाडं चुकलं नसतं. म्हणून व्याजाची एकूण बेरीज बघून छाती बडवून घेण्यात अर्थ नाही. मी स्वतः घरासाठी कर्ज काढू नका असं कधीच कुणाला सांगितलं नाही. माझं म्हणणं इतकंच की, दहा वर्षं जादा घेताना ती कशाच्या मोबदल्यात घेतली, हे माणसाला माहीत असावं.

आणि इथेच खरी गोम आहे. मुदत तुम्ही निदान एकदा तरी स्वतः निवडता. त्यानंतर ती तुमच्या पाठीमागे बदलू शकते.

२०२० च्या मे महिन्यात, कोविडच्या दिवसांत, रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवर आणला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग दराची गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला, म्हणजे बहुतेक ठिकाणी रेपोला, बांधलेली होती. त्यामुळे २०२१ मध्ये पावणेसात टक्क्यांच्या आसपास गृहकर्ज मिळू लागलं आणि लोकांनी ते धडाधड घेतलं. मग मे २०२२ मध्ये वारं फिरलं. फेब्रुवारी २०२३ पर्यंत, नऊ-दहा महिन्यांत, रेपो ६.५ टक्क्यांवर पोहोचला. अडीच टक्क्यांची वाढ. पावणेसातचं कर्ज सव्वानऊचं झालं.

पुष्कळ कर्जदारांना याचा पत्ताच लागला नाही, कारण खात्यातून हप्ता पूर्वीइतकाच जात होता. पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतलेल्या ५० लाखांचा हप्ता ३८,०१८. दोन वर्षं भरून शिल्लक राहिली ४७ लाख ४७ हजार. हिशेबाच्या सोयीसाठी सगळी दरवाढ त्या दिवशी एकदम झाली असं धरा. सव्वानऊ टक्क्यांनी या शिलकीचं महिन्याचं व्याज होतं ३६,५८८. म्हणजे ३८ हजारांच्या हप्त्यातले १,४३० रुपये तेवढे मुद्दलात. हप्ता न वाढवता हे कर्ज फेडायचं तर उरलेल्या अठरा वर्षांची साडेपस्तीस वर्षं होतात. अडतीस वर्षांचा कर्जदार त्र्याहत्तराव्या वर्षी मोकळा होणार! बँका निवृत्तीचं वय पाहतात, त्यामुळे अशी मुदत प्रत्यक्षात सहसा देत नाहीत. कुठेतरी हप्ता वाढवावाच लागतो. मूळची अठरा वर्षं टिकवायची तर हप्ता ४५,१९३ करायला हवा होता, महिन्याला सात हजारांवर जादा. ज्याने अगदी नुकतंच कर्ज घेतलं होतं त्याची गत आणखी वाईट. ५० लाखांचं सव्वानऊने व्याजच ३८,५४२, आणि हप्ता ३८,०१८. हप्ता भरूनही कर्ज महिन्याला ५२४ रुपयांनी वाढणार.

न विचारता मुदत वाढवल्याच्या तक्रारी इतक्या झाल्या की १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेला परिपत्रक काढावं लागलं. त्यात सांगितलं की, दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं, हे कर्जदाराला विचारा. हप्त्यात व्याजही भागत नाही अशी वेळ येऊ देऊ नका. आणि दर तिमाहीला विवरणपत्र द्या, ज्यात आजवर वसूल झालेलं मुद्दल आणि व्याज, चालू हप्ता, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर स्पष्ट दिसेल. नियम उत्तम आहे. पण कर्जदाराला विचारणं म्हणजे व्यवहारात एक एसएमएस किंवा ईमेल, आणि त्याला उत्तर गेलं नाही तर बँक तिच्या सोयीचं करते. बँकेची सोय कशात असते हे मी त्या टेबलाच्या आतल्या बाजूला बसून पाहिलंय : हप्ता थकू नये आणि कर्ज लवकर संपू नये.

दर उतरतात तेव्हा याच्या उलट करा. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो एक टक्क्याने खाली आला. अशा वेळी हप्ता तसाच ठेवून मुदत कमी करून घ्यावी. हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो, पण त्या हप्त्याची तुमच्या घराला सवय झालेली असते. कुणाचं कर्ज जुन्या पद्धतीच्या दराला बांधलेलं असेल, किंवा गृहवित्त कंपनीचं असेल, तर दरकपात आपोआप तुमच्यापर्यंत येईलच असं नाही. गृहवित्त कंपन्यांवर रेपोला बांधून घेण्याची सक्ती नाही. त्या आपला स्वतःचा दर लावतात. नव्या गिऱ्हाइकाला मिळणारा दर आणि आपला दर यांत अर्धा टक्का फरक दिसला तरी शाखेत जाऊन बोला. आपल्या पहिल्या उदाहरणात पाच वर्षांनी अर्धा टक्का दर उतरवून घेतला तर पुढच्या पंधरा वर्षांत सुमारे २ लाख ३० हजार वाचतात. त्यासाठी बँक थोडी फी घेते, ती द्यावी.

आता कर्जाला चिकटून येणाऱ्या खर्चांकडे वळतो. प्रोसेसिंग फी, वकिलाचा शोधअहवाल, मूल्यांकन, आपल्या महाराष्ट्रात गहाणाच्या नोंदीसाठी निबंधकाकडे द्यावी लागणारी नोटीस आणि तिचं मुद्रांक शुल्क, हे सगळं एकदाच लागतं. माझं भांडण आहे ते विम्याशी. विमा असावा, जरूर असावा. कर्ज असलेल्या माणसाचा तर असलाच पाहिजे. पण दीड लाखाचा एकरकमी हप्ता, "सर, तो कर्जातच घालून टाकू, तुम्हाला जाणवणारसुद्धा नाही," असं म्हणून जेव्हा कर्जात मिसळला जातो, तेव्हा त्या दीड लाखावर वीस वर्षं व्याज चढतं आणि तुम्ही ३ लाख १२ हजार भरता. साधा मुदत विमा स्वतंत्र घ्या, वर्षाला हप्ता भरा. कर्ज मिळायचं तर विमा आमच्याकडूनच घ्या, अशी सक्ती करता येत नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जासोबत ठळक तथ्यांचं एक पत्रक देणं बंधनकारक आहे. त्यात हे सगळे खर्च धरून येणारा वार्षिक दर दिलेला असतो. जाहिरातीतला दर आणि हा दर शेजारी ठेवून पाहा.

बांधकाम चालू असलेल्या इमारतीत घर घेणाऱ्यांसाठी आणखी एक. ताबा मिळेपर्यंत जो 'प्री-ईएमआय' भरता, तो निव्वळ व्याजाचा असतो. ३० लाख बिल्डरला दिले गेले असतील तर महिन्याला २१,२५०. तीन वर्षं ताबा रखडला तर ७ लाख ६५ हजार गेले आणि मुद्दल जागच्या जागी. वर राहत्या घराचं भाडं चालूच. शक्य असेल तर पहिल्यापासून पूर्ण हप्ता सुरू करा.

करसवलतीबद्दल थोडक्यात. आपण राहतो त्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त २ लाखांची वजावट मिळते, तीही जुनी करप्रणाली निवडली तरच. आपल्या उदाहरणात पहिल्याच वर्षीचं व्याज ४ लाख २१ हजार आहे. सवलत जाईल म्हणून कर्ज फेडत नाही, असं सांगणारे लोक भेटतात. एक रुपया व्याज भरून तीस पैसे कर वाचवण्याला मी तरी शहाणपण म्हणणार नाही.

उपाय तुम्हाला ठाऊक आहे : मुद्दल लवकर कमी करणं. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर आगाऊ परतफेडीचा दंड बँकांना घेता येत नाही. रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच तो बंद केला. लोकांच्या ध्यानात येत नाही ती वेळेची गोष्ट. आपल्या वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या वर्षाअखेर १ लाख जादा भरले तर शेवटचे अकरा हप्ते गळतात, म्हणजे जवळजवळ ४ लाख ८० हजार. तेच १ लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर साडेतीन हप्ते. आपल्याकडे मात्र निवृत्तीचे पैसे हातात आल्यावर कर्ज फेडायची रीत आहे, जेव्हा व्याज बहुतेक भरून झालेलं असतं! दिवाळीच्या बोनसातून दर वर्षी एक हप्ता जादा भरा. वीस वर्षांचं कर्ज सतरा वर्षांच्या आत संपतं आणि सुमारे १० लाख व्याज वाचतं. पगारवाढीबरोबर हप्ता दर वर्षी पाच टक्क्यांनी वाढवला तर ते बारा वर्षांच्या थोडं पुढे जाऊन संपतं. मात्र घरात अडीअडचणीला सहा महिन्यांचा खर्च बाजूला नसेल, किंवा क्रेडिट कार्डाचं देणं असेल, तर आधी ते. आणि आगाऊ रक्कम भरताना "मुदत कमी करावी, हप्ता तोच ठेवावा" असं अर्जावर लिहून द्या आणि पोच घ्या.

कर्ज फिटल्यावरही काम उरतं. मूळ कागदपत्रं तीस दिवसांत परत मिळायला हवीत; बँकेच्या दोषामुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. बोजा उतरल्याची नोंद सोसायटीच्या दप्तरातही करून घ्या.

एक विनंती करून थांबतो. घरी गेल्यावर बँकेचं शेवटचं तिमाही विवरणपत्र काढा आणि उरलेल्या हप्त्यांची संख्या पाहा. कर्ज घेताना ठरलेल्या मुदतीशी ती जुळत नसेल, तर सोमवारी शाखेत जाऊन लेखी अर्ज द्या. ज्यांनी आपले कागद सोबत आणले असतील त्यांनी आत्ताच व्यासपीठाजवळ यावं, मी इथे थांबलो आहे.