बहिणीचं नाव सातबाऱ्यावर

८ नोव्हेंबर २०२१ रोजी पंढरपूरच्या पालखी महामार्गांच्या चौपदरीकरणाची कोनशिला बसली. रस्त्यात शेत गेलं, की मोबदल्याची नोटीस सातबाऱ्यावरच्या नावांनी निघते. सासरी नांदणाऱ्या बहिणीला आपण वारस आहोत, हे कधीकधी तेव्हाच उमगतं. सासरी तिच्या शब्दाला वजन येतं. माहेरी मात्र भाऊबीज अबोल होऊ शकते.

पण मोबदल्यातला बहिणीचा वाटा म्हणजे कुणाची मेहेरबानी नव्हे. हिंदू कुटुंबाच्या वडिलोपार्जित मिळकतीत महाराष्ट्रानं १९९४ साली अविवाहित मुलींना, तर केंद्रानं २००५ साली विवाहित मुलींनाही मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क दिला. वडील २००५ पूर्वी वारले असले तरी हा हक्क राहतो, असं सर्वोच्च न्यायालयानं ११ ऑगस्ट २०२० रोजी स्पष्ट केलं. २० डिसेंबर २००४ पूर्वीची नोंदणीकृत वाटणी मात्र कायम राहते.

वडील गेल्यावर तीन महिन्यांत तलाठ्याकडे वारसनोंदीसाठी कळवा. बहिणीनं आपला वाटा सोडायचा ठरवला, तर हक्कसोडपत्र दुय्यम निबंधकाकडे नोंदवावं लागतं. सही करण्याआधी ते नीट वाचून घ्या. भावांनो, मोबदल्याची नोटीस येण्याआधीच बहिणीला जवळ बसवून सातबारा दाखवा. नातं टिकवायचं तर हिशेब उघडा ठेवा.