मुलांच्या वाट्याला पहिल्या फळीचा दिग्दर्शक

मुलांसाठी नाटकं, मालिका, चित्रपट करणाऱ्या माझ्या मित्रांनो,

त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांचं स्मरण नाशिकच्या या संमेलनात व्हायलाच हवं. मी मात्र आज आपल्याला जवळच्याच देवळाली कॅम्पची आठवण करून देणार आहे. बीबीसीची 'इट एन्ट हाफ हॉट मम' ही विनोदी मालिका दुसऱ्या महायुद्धातल्या याच देवळालीत सुरू होते. लेखकांपैकी जिमी पेरी फौजेत असताना इथल्या करमणूक पथकात होते. चित्रीकरण इंग्लंडातच झालं. तिथे एका गोऱ्या नटाला रंग फासून भारतीय माणूस केला, ते मला आजही खुपतं. पण तिचे काही भाग दिग्दर्शित करणारे बॉब स्पियर्स पुढे कुठवर गेले, ते आपण जाणून घ्यायला हवं.

१९७९ मध्ये 'फॉल्टी टॉवर्स' या विनोदी मालिकेचं दुसरं पर्व त्यांनी दिग्दर्शित केलं. त्यातल्या एका भागात हॉटेलमालक बेसिल पाहुण्याला बिछान्यात न्याहारी नेऊन देतो आणि तो साधं उत्तरही देत नाही म्हणून फणकारतो. पाहुणा मेलेला आहे, हे त्याच्या गावीही नसतं. कळल्यावर वाटतं, आपल्या शिळ्या माशांनीच घात केला. मग ते मासे तो स्वेटरखाली कोंबतो. स्टुडिओत समोर प्रेक्षक बसलेले. अशा प्रसंगात कॅमेरा जरा उशिरा वळला, की हशा गेलाच!

असा कसलेला माणूस १९८९ मध्ये मुलांच्या 'प्रेस गँग' या मालिकेकडे आला. शाळकरी मुलं वर्तमानपत्र चालवतात, अशी ती गोष्ट. लेखक स्टीव्हन मोफॅट शिक्षकी पेशातून आलेले, अगदी नवखे. मालिका खळखळून हसवते, आणि तीच एका विद्यार्थ्याच्या आत्महत्येला, मुलांवरच्या अत्याचारालाही सामोरी जाते. मुलांना हे झेपणार नाही, असं म्हणून कुणी हात आखडला नाही. मालिकेला बाफ्टा मिळालं. तिच्यात संपादकाची भूमिका करणारी ज्युलिया सवाला १९९२ मध्ये 'अ‍ॅब्सोल्यूटली फॅब्युलस' या मालिकेत झळकली. दिग्दर्शक पुन्हा स्पियर्सच!

मोठ्यांच्या आणि मुलांच्या कामात त्यांनी डावं-उजवं केलं नाही. २००८ मध्ये ते गेले.

आपल्याकडे मुलांचं काम बहुधा होतकरूंच्या गळ्यात पडतं, तेही उरलेल्या पैशांत. म्हणून स्वागत समितीची आग्रहाची विनंती आहे: मराठीतल्या नामवंत दिग्दर्शकांना मुलांच्या कार्यक्रमांसाठी पुरेसा वेळ आणि पूर्ण मानधन मिळावं, असा ठराव याच संमेलनात मांडावा. मसुदा आम्ही तयार ठेवला आहे. दुपारच्या सत्रात तो चर्चेला घ्यावा.