दाद कोठे मागावी?



पतीने पत्नीचा मान राखावा, तिची अवहेलना करू नये, असे सिगालोवाद सुत्तात सांगितले आहे. दीक्षेनंतरही घरातील मारहाण थांबली नसेल, तर तुमची दीक्षा उंबरठ्याबाहेरच राहिली असे मी म्हणेन.

आज मला एका व्यावहारिक गोष्टीविषयी बोलावयाचे आहे. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली दंडाधिकाऱ्याने भगिनीचा अर्ज फेटाळला, की नातलग म्हणतात, ‘चला हायकोर्टात!’ हा मोठेपणाचा मोह आहे आणि तो गरिबाला परवडणारा नाही. कलम २९ अन्वये अपिलाची पहिली पायरी सत्र न्यायालय ही होय. मुदत ३० दिवसांची, आणि ती आदेशाची बजावणी झाल्यापासून मोजावयाची. आदेशाची नक्कल कलम २४ प्रमाणे विनामूल्य मिळते. तिच्यासाठी कोणाच्या हातावर पैसे ठेवू नका. सासरच्यांनी अपील केले एवढ्यानेच पोटगी थांबत नाही. स्थगिती मिळालेली नसेल, तर वसुलीचा अर्ज खुशाल करा.

परंतु फौजदारी संहितेतील पोटगीच्या तरतुदीखाली कुटुंब न्यायालयाने दिलेल्या आदेशावर अपील चालत नाही. तेथे उच्च न्यायालयात पुनरीक्षणाचा अर्ज करावा लागतो. तेव्हा आदेश कोणत्या कायद्याखालचा आहे, हे प्रथम वाचून घ्या.

वकिलाच्या फीची चिंता? १९८७ च्या विधी सेवा कायद्याने प्रत्येक स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा, आणि तोही तीस दिवस सरण्यापूर्वी.