बांधावरची वाट



चिटणीसांनी ओळख करून देताना मला 'प्रवासी' म्हटले. तो शब्द त्यांनी कृपा करून परत घ्यावा. ज्या प्रवासाविषयी मी आज बोलणार आहे तो सकाळी साडेनऊला सुरू झाला आणि दुपारी चारला संपला. अंतर दहा-बारा किलोमीटर, आणि त्यातला पुष्कळसा भाग उताराचा. दर रविवारी सिंहगड चढून, पिठले-भाकरी खाऊन परत येणारी जी मंडळी समोर बसली आहेत त्यांना याचे हसू येईल. त्यांनी खुशाल हसावे. चालण्याचा पराक्रम सांगायला मी उभा नाही. त्या दिवशी एक बाई माझ्यापुढे चालत होती आणि एक म्हातारी माझा हात धरून चालत होती. त्या दोघींमुळे मला काय दिसले, एवढेच सांगायचे आहे.

हा मुलूख उत्तर व्हिएतनाममधला, चीनच्या सरहद्दीजवळचा. हानोईहून रात्रीच्या आगगाडीत बसले की पहाटे लाओ काइ येते. हा लोहमार्ग फ्रेंचांनी घातला. हायफाँग बंदरापासून चीनच्या युन्नान प्रांतातल्या कुनमिंगपर्यंतचा तो सारा मार्ग १९१० मध्ये पुरा झाला. लाओ काइहून मोटार तासाभरात घाट चढून सा पा या गावी पोचते. उंची पंधराशे मीटर, म्हणजे आपल्या महाबळेश्वराहून किंचित अधिक. इंग्रजांनी महाबळेश्वरी जे केले तेच फ्रेंचांनी इथे केले: हवा पाहिली, बंगले बांधले, आजारी साहेबांना विश्रांतीला पाठवले. पुढे लढायांत ते बंगले गेले. १९७९ च्या युद्धात चिनी फौजा या भागात घुसल्या होत्या. १९९३ च्या सुमारास परदेशी प्रवाशांना इथे यायची मोकळीक मिळाली, आणि आता गावात हॉटेलांची दाटी झाली आहे. समोर फान्सीपान शिखर उभे आहे, ३१४० मीटरांहून उंच. एके काळी त्याच्या चढाईला दोन दिवस धरीत. २०१६ पासून रोपवेच्या पाळण्यात बसून माणूस पाव तासात वर जातो. मी गेलो नाही. तत्त्व वगैरे काही नव्हते. त्या दिवशी वर ढग होते आणि तिकीट महाग होते.

मला पाहायची होती ती खाली मुओंग होआच्या खोऱ्यातली भाताची खाचरे. २०२३ चा मे महिना संपत आला होता, म्हणजे नुकते पाणी सोडून लावणी चाललेली. नदीपासून डोंगराच्या माथ्याकडे शंभर-शंभर पायऱ्या, प्रत्येक पायरीत पाणी, आणि पाण्यात आभाळ. हे चित्र तुम्ही दिनदर्शिकांवर पाहिले असेल. दिनदर्शिकेवर एक गोष्ट मात्र दिसत नाही. ती सांगण्यापूर्वी माणसांची ओळख करून देतो.

ही खाचरे मुख्यतः ह्मोंग लोकांची. नावाचा उच्चार युरोपियनांना जड जातो. 'म्हैस' आणि 'म्हसोबा' म्हणणाऱ्यांना जड जाऊ नये. चीनमध्ये त्यांची गणना मिआव लोकांत होते. तिथे १८५४ ते १८७३ या काळात मिआवांनी मोठे बंड केले, ते मोडले गेले. त्या शतकात अनेक कुळे दक्षिणेकडे डोंगर ओलांडून आली. खालच्या सखल जमिनी आधीच दुसऱ्यांच्या होत्या, तेव्हा यांच्या वाट्याला उतार आला. व्हिएतनाम सरकारने मान्य केलेल्या ५४ जमातींपैकी ही एक. २०१९ च्या जनगणनेत त्यांची संख्या चौदा लाखांच्या आसपास भरली. एका कुळीत लग्न होत नाही, हे ऐकून आपल्याला परके वाटायचे कारण नाही.

आता ती न दिसणारी गोष्ट. खाचर ही पायरी नसून ती एक मोरी आहे. डोंगराच्या पोटातून ओढ्याचे पाणी पाटाने आडवे वळवून सर्वांत वरच्या खाचरात आणतात. तिथे बांधाला एक खाच ठेवलेली असते. तीतून ते खालच्यात, त्यातून आणखी खालच्यात, असे नदीपर्यंत. पाण्याबरोबर वरच्याचा गाळ आणि शेणखत खालच्याला मिळते. वरच्याने बांध फुटू दिला, किंवा खेकड्याच्या बिळाकडे काणाडोळा केला, तर खालच्या दहा घरांची लावणी खोळंबते. वरचे एक खाचर पडीक पडले की पाणी वाट सोडते आणि खालचे बांध ढासळू लागतात. म्हणजे तो सबंध डोंगर शेजारधर्मावर उभा आहे. आंबेगाव-जुन्नरकडच्या महादेव कोळ्यांची 'पडकई' ज्यांना ठाऊक आहे त्यांना निराळे सांगायला नको. आज दहा जणांनी तुझी पडी काढायची, उद्या माझी. सा पाच्या थंडीत वर्षाला भाताचे एकच पीक येते, आणि त्यासाठी बारा महिने बांध राखावा लागतो.

आमची वाट दाखवणारी बाई पस्तिशीची असावी. काळ्या ह्मोंगांचा निळा-काळा पोशाख, पोटऱ्यांना पट्ट्या, पाठीवर करंडी, पायांत मात्र प्लास्टिकच्या चपला. माझे भारी बूट दर पन्नास पावलांना घसरत होते आणि त्या चपला एकदाही घसरल्या नाहीत. तिचे इंग्रजी माझ्याहून सफाईदार. शाळेत किती शिकलीस, म्हणून विचारले तर म्हणाली, "शाळेत गेलेच नाही. लहानपणी रस्त्यावर टोप्या विकीत होते. घेणारे बोलत, मी ऐके." तिला वाचता येत नाही. सा पातल्या पुष्कळ ह्मोंग वाटाड्या बायका अशाच तयार झाल्या आहेत. इकडे व्हिएतनामच्या २०१७ च्या पर्यटन कायद्याने परदेशी पाहुण्यांच्या वाटाड्याला महाविद्यालयीन शिक्षणाची अट घातली. स्थानिक स्थळापुरता परवाना निराळा मिळतो, पण त्यालाही परीक्षा आहे. जिला डोंगर पाठ आहे तिच्याजवळ कागद नाही, आणि ज्याच्याजवळ कागद आहे त्याला बांधावर हात द्यावा लागतो. आमच्याबरोबर असा एक शहरी तरुण होता. त्याचा हात मीच धरला, आणि दोघेही पडलो.

तेव्हापासून म्हातारीने माझा ताबा घेतला. ती आमच्या टोळीतली नव्हतीच. सा पातून निघालो तशा पाच-सहा बायका आपण होऊन बरोबर चालू लागल्या होत्या. चालता चालता त्यांची बोटे वाखाच्या धाग्याला धागा जोडीत होती. हा वाख भांगेच्या जातीच्या झाडाचा. (समोर काही चेहरे उजळलेले दिसतात, तो उपयोग तिथे मी पाहिला नाही.) साल सोलायची, जोडायची, पीळ द्यायचा, राखेच्या पाण्यात उकळायची, विणायची, मग निळीच्या पिंपात दिवसचे दिवस बुडवून वाळवायची. अशा कापडाच्या एका पोशाखात कित्येक महिने जातात. म्हातारीचे तळहात त्या निळीने कायमचे रंगले होते. तिने माझे मनगट पकडले आणि ई लिन हो ते लाओ चाइ सोडले नाही. मध्येच गवताच्या काड्यांचा एक घोडा करून तिने माझ्या खिशात खोचला. मला आईची आठवण झाली. खोटे कशाला सांगू, डोळे भरून आले.

लाओ चाइला जेवायला बसलो तशी म्हातारीने करंडी उघडली. पिशव्या, पट्टे, उशांचे अभ्रे. "माझ्याकडून घे. मी तुला धरले."

मला इतका राग आला! वाटले, फसलो. तो हात, तो घोडा, सगळी विक्रीची तयारी. मी तोंड फिरवले. माझ्या शेजारी बसलेला एक परदेशी गृहस्थ तर मोठ्याने म्हणाला की सुंदर दिवसाचा या बायकांनी बाजार केला. मी मान डोलावली. आज या व्यासपीठावरून त्या मान डोलावण्याची कबुली द्यावी म्हणून हा सगळा प्रपंच.

कारण पुढच्या तासात वाटाडीणबाईशी हिशेबाच्या गोष्टी निघाल्या. मी हानोईतल्या एका प्रवासी कंपनीकडे या दिवसाचे पैसे आधीच भरले होते. कंपनीचे नाव सांगत नाही. बाकीच्या काही निराळ्या असतील असेही वाटत नाही. मी भरलेला आकडा सांगताच बाई थांबली. तिच्या हाती त्याची चौथाईही पडणार नव्हती. गावात शिरताना नाक्यावर घेतलेल्या तिकिटाचे पैसे म्हातारीच्या घरी येतात का, असे विचारले. नाही म्हणाली. म्हणजे मी डोंगर पाहायला पैसे मोजले, गाडीवाल्याला मोजले, हॉटेलवाल्याला मोजले. ज्यांच्या हातांनी तो डोंगर खणला, ज्यांनी आज सकाळीही बांध लिंपला, त्यांच्यापर्यंत पैसा पोचण्याची एकच वाट होती: ती करंडी. म्हातारीने मला हात फुकट दिला होता. माल विकत मागितला. यात फसवणूक कोणी कोणाची केली?

आणि तो पैसा जातो कुठे? मी समजत होतो की पाहुणे आले, पैसा आला, म्हणजे शेती सुटणार. बाई म्हणाली, उलट आहे. १९९० नंतर सरकारने संकरित भाताचे बी डोंगरात आणले. पीक जास्त येते, घरात भात पुरतो, पण ते बी पुढच्या साली पेरता येत नाही. दर वर्षी विकत घ्यावे लागते, आणि खतही लागते. त्याच सुमारास अफूच्या लागवडीवर बंदी आली आणि रोकडीचे जुने साधन गेले. रानातल्या मसाल्याच्या मोठ्या वेलदोड्यांचे पैसे येतात, पण हवा लहरी. तेव्हा बियाण्याची रोकड वाट दाखवून आणि पिशव्या विकून उभी करायची. घरात खायला जुने, चवीचे भात थोड्या खाचरांत अजून लावतात. ज्यांनी आंबेमोहोर खाल्ला आहे त्यांना त्या 'थोड्या'चा अर्थ कळेल. हे ऐकल्यावर त्या करंडीकडे मी पुन्हा पाहिले. डोंगरातले पाणी खाचरांत राहावे म्हणून म्हातारी आठ किलोमीटर माझ्यामागे आली होती.

मी मागे फिरून दोन पट्टे आणि एक पिशवी घेतली. पिशवी बहुधा कारखान्यातली होती. घासाघीस केली नाही असे म्हणू इच्छितो, पण थोडी केली.

या लोकांचे सगळेच गोड आहे असे सांगून मोकळे होण्याची सवय आपल्या प्रवासवर्णनांना आहे, म्हणून हेही सांगतो. हा ले झिएम या व्हिएतनामी दिग्दर्शिकेने सा पाजवळच्या एका शाळकरी ह्मोंग मुलीवर अनुबोधपट केला. २०२१ मध्ये ॲमस्टरडॅमच्या महोत्सवात त्याला दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले. मुलीला पळवून नेऊन लग्न लावण्याची चाल त्यात कॅमेऱ्यासमोर घडते, आणि ती पोर आकांत करते. ज्यांना पाहणे जमेल त्यांनी तो पाहावा. मी बाईला या चालीबद्दल विचारले तेव्हा ती एवढेच म्हणाली, "माझी मुलगी शाळेत जाते," आणि चालू लागली.

ता वानच्या अलीकडे एका खाचराजवळ बाई थांबली. बांधाच्या खाचेतून पाणी जरा जोरात वाहत होते. तिने वाकून चिखलाचा एक गोळा उचलला, खाचेत दाबला, पाय देऊन बसवला, हात पाण्यात धुतले. मी विचारले, "हे तुझे?" म्हणाली, "नाही. कोणाचे ते माहीत नाही." पलीकडे एक बाप रेड्यामागे चिखलणी करीत होता, आणि चार बायका रोपांच्या जुड्या सोडून ओळ धरीत मागे मागे सरकत होत्या. मला राहवले नाही. मी बूट काढले, चिखलात उतरलो आणि एक जुडी हातात घेतली. आठ-दहा रोपे लावली. बोटे विसरली नव्हती. बायकांनी ओरडून काहीतरी कौतुक केले.

बाईला आश्चर्य वाटले. "तुमच्याकडे भात आहे?"

आहे म्हणालो. आमचे घर मुळचे मुळशीकडचे. पौडच्या खोऱ्यात आमची सात खाचरे होती. वयाच्या सोळाव्या वर्षापर्यंत आषाढात मी त्यांत उभा असे. हे सगळे मी तिला मोठ्या अभिमानाने सांगितले. राब भाजतात तेही सांगितले, ते तिला नवे होते.

"मग आता तिथे लावणी कोण करतो?"

श्रोतेहो, ही खाचरे आम्ही भावांनी २००६ मध्ये विकली. किंमत चांगली आली. माझ्या मुलीचे शिक्षण त्यातून झाले, त्याचा मला पश्चात्ताप नाही. तिथे आता कुंपण आहे, हिरवळ आहे आणि सहा बंगले आहेत. बंगल्यांत शनिवार-रविवारी माणसे येतात. खालच्या शेजाऱ्याने दोन वर्षे पाण्यासाठी खेटे घातले, मग त्यानेही विकली. हे इंग्रजीत कसे सांगावे ते मला सुचेना. मी म्हणालो, "कोणी नाही. घरे झाली."

"तिथे माणसे राहतात?"

"कधीकधी."

तिने थोडा विचार केला. "मग भात कुठून आणतोस?"

"दुकानातून."

तिने वळून चिखलातल्या बायकांना ह्मोंगमध्ये काहीतरी सांगितले. चौघीही कंबर सरळ करून माझ्याकडे पाहू लागल्या, आणि मग खूप हसल्या. काय सांगितले ते मी विचारले नाही. मी पाटात पाय धुतले, बूट घातले, आणि आम्ही ता वानच्या पुलाकडे निघालो. तिथे मोटार उभी होती. बाईला त्याच वाटेने वर जायचे होते. अंधार पडायच्या आत तिला स्वतःच्या घरची दोन खाचरे लावायची होती.