पोराला बांधू नका, त्याच्याबरोबर चला
(वाडीच्या बैठकीत केलेले भाषण)



आज दाव्यांच्या कागदांआधी एका पोराचं बोलायचं आहे. नाव घेत नाही. पोर आपलंच, १६ वर्षांचं.

दिवाळीनंतर ते आईबापाबरोबर कोळशाच्या भट्टीवर गेलं. रात्रभर भट्टी राखायची, झोप नाही. शेठनं मजुरांना दारू दिली, तशी त्यालाही दिली. पावसाआधी वाडीवर आलं ते रोज पिणारं होऊन. मग एकटंच बोलू लागलं. कानात कुणी शिव्या देतं, म्हणू लागलं. आम्ही काय केलं? भगताकडे नेलं. झोप लागावी म्हणून आम्हीच पाजली. शेवटी खांबाला बांधलं. चूक आमची, म्हणून आम्हीच सांगतो.

डॉक्टर म्हणाले, हा आजार आहे, दारूनं वाढतो. "रत्नागिरीला पाठवा" हे आपण चिडवायला म्हणतो. पण तिथलं मनोरुग्णालय सरकारी आहे, आपल्यासाठीच आहे. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यानं आजारी माणसाला साखळीनं बांधायला बंदी केली. दारू-गांजातून येणारा मनाचा त्रासही त्यात आजारच धरला आहे. दारिद्र्यरेषेखालच्यांना सरकारी उपचार फुकट मिळणं हा हक्क आहे. १४४१६ या नंबरावर रात्रीही फुकट बोलता येतं. आणि रोज पिणाऱ्याची दारू एकदम तुटली नि अंग थरथरलं, झटका आला, तर घरी थांबू नका, लगेच दवाखाना गाठा.

आता पोर गोळ्या घेतं. बरं वाटलं की गोळ्या टाकून देतं, पुन्हा बिघडतं. आईची मजुरी बुडते. म्हणून औषधाच्या दिवशी वाडीतल्या एकानं पाळीनं बरोबर जायचं, एसटीचं भाडं वर्गणीतून.

लहान पोराला दारू देणं गुन्हा आहे, ७ वर्षांपर्यंत कैद आहे. हे शेठला उचल घेतानाच सांगायचं. १९७२-७३ मध्ये शहाद्याकडच्या भिल्ल बायांनी जमिनीच्या लढ्याबरोबरच दारूची मडकी फोडली. त्यांना कळलं होतं, दोन्ही लढे एकच.

आपल्या घराखालची जमीन नावावर नाही, म्हणून उचल, उचल, म्हणून भट्टी, भट्टीवर दारू. दावा लावायचाच. पण सातबारा हातात येईल तेव्हा तो धरायला पोर शाबूत पाहिजे.

पहिली पाळी कुणाची, बोला.

जिंदाबाद!