शून्याची चूक



‘तू नक्की करतेस काय?’ हा प्रश्न सकाळपासून मला पाच-सहा जणांनी विचारलाय. एकदाच सगळ्यांना सांगते. विजेवर चालणाऱ्या स्कूटरच्या बॅटरीवर नजर ठेवणारं सॉफ्टवेअर मी लिहिते.

आमच्या पॅकमध्ये लिथियम आयर्न फॉस्फेटचे १६ सेल एकापुढे एक जोडलेले असतात. प्रत्येक ३.२ व्होल्टचा, मिळून ५१.२. आठवतं, गडावर सहल गेली की सर सगळ्यात हळू चालणाऱ्याला रांगेत पुढे ठेवायचे? (बहुतेक वेळा मीच.) इथेही तसंच. चार्ज होताना एक सेल ३.६५ व्होल्टला पोचला की बाकीचे पंधरा भरलेले नसले तरी थांबायचं. चालवताना एक रिकामा झाला की गाडी बंद करायची. हे तसं सोपं आहे.

अवघड आहे तो स्क्रीनवरचा टक्का. या सेलचं व्होल्टेज मधल्या मोठ्या पट्ट्यात जवळजवळ हलतच नाही. त्यामुळे व्होल्टेज पाहून ३० टक्के की ६० टक्के हे कळत नाही. मग आत किती करंट गेला, बाहेर किती आला, याचा हिशेब ठेवावा लागतो. किराणा दुकानाच्या वहीसारखा. बॅटरी पूर्ण भरली की वही नव्याने सुरू.

चार वर्षांपूर्वी डबे पोचवणाऱ्या एका दादांची गाडी भर दुपारी चढावर बंद पडली. मागे चौदा डबे, स्क्रीनवर २२ टक्के. कंपनीत पहिली प्रतिक्रिया ‘गिऱ्हाईक खोटं बोलतंय’ अशी होती. मीही तेच म्हटलं, हे कबूल करते.

लॉग काढले. करंट मोजणारा सेन्सर खऱ्यापेक्षा ०.०५ अँपिअरने चुकत होता, गाडी उभी असतानासुद्धा. दिवसाला १.२ अँपिअर-तास. आणि दादा रोज ८० टक्क्यांवर चार्जर काढायचे, कारण मोबाइलसाठी तसं करावं असं त्यांनी ऐकलं होतं. पाच दिवस वही नव्याने सुरूच झाली नाही. पाच दिवसांचे ६ अँपिअर-तास, पॅक ३०चा, म्हणजे वीस टक्क्यांची चूक. दादा खरं सांगत होते, माझं सॉफ्टवेअर खोटं.

मी त्यांना भेटायला गेले. ते रागावले नाहीत. म्हणाले, “ताई, आकडाच दाखवला नसता तर मी सकाळी चार्ज केली असती.”

दहावीत ओहमचा नियम करताना बाई काय सांगायच्या? सर्किट जोडण्याआधी अँमीटरचा काटा शून्यावर आहे का बघा, नसेल तर ती चूक वहीत लिहा. न लिहिल्याबद्दल माझा अर्धा मार्क गेला होता आणि मी घरी येऊन रडले होते. इंजिनिअरिंगची डिग्री घेऊन मी नेमकी तीच पायरी विसरले.

आता गाडी बंद असताना आमचं सॉफ्टवेअर सेन्सरचं शून्य तपासून घेतं. बरेच दिवस पूर्ण चार्ज झालं नसेल, तर टक्का मुद्दाम कमी दाखवतं आणि ‘आज पूर्ण चार्ज करा’ असं मराठीतच सांगतं. कमी आकड्याला मार्केटिंगवाल्यांचा विरोध होता, तीन मीटिंगा गेल्या.

बाई, तो अर्धा मार्क बरोबर कापला होतात. आणि ज्यांच्या स्कूटर बाहेर उभ्या आहेत त्यांनी जेवणानंतर मला भेटा, तुमचा सेल कोणत्या प्रकारचा आहे ते आधी बघू. सगळ्यांना एकच सल्ला चालत नाही.