दान नव्हे, करार
(हिंगोली येथील कार्यकर्ता शिबिरात केलेल्या भाषणाचा संपादित मजकूर)

सकाळच्या सत्रात अंगणवाडी सेविकांचे मानधन आणि हळदीच्या बाजारातील हमालीचे दर यांवर चर्चा झाली. त्यानंतर मी फुटबॉल खेळणाऱ्या स्त्रियांविषयी बोलणार, असे अध्यक्षांनी जाहीर करताच मागच्या रांगांत थोडे हसू उमटले. त्याबद्दल माझी तक्रार नाही. तीस वर्षांहून अधिक काळ मी अर्थशास्त्र शिकविले. वेतनाचे सिद्धान्त समजावताना गिरणी कामगार, शेतमजूर, कारकून अशी सारी उदाहरणे दिली. खेळाडूचे उदाहरण मला एकदाही सुचले नाही. खेळ म्हणजे हौस, आणि हौसेला मजुरी कसली, असे मीही गृहीत धरले होते. ते गृहीत चुकीचे होते, एवढेच मला आज सांगावयाचे आहे.

केट गिल हे नाव आपल्यापैकी फार थोड्यांनी ऐकले असेल. त्या ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय महिला संघाच्या आघाडीच्या खेळाडू होत्या. २०१० साली त्या आशियातील सर्वोत्तम महिला फुटबॉलपटू ठरल्या. २०१५ साली निवृत्त झाल्या तेव्हा देशासाठी सर्वाधिक, म्हणजे ४१ गोल त्यांच्या नावावर होते. अशा खेळाडूला निवृत्तीनंतर प्रशिक्षक होता येते, समालोचक होता येते. गिल मात्र खेळाडूंच्या कामगार संघटनेत गेल्या. ‘प्रोफेशनल फुटबॉलर्स ऑस्ट्रेलिया’ ही ती संघटना १९९३ साली स्थापन झालेली आहे. पुढे गिल तिच्या संयुक्त मुख्य कार्यकारी अधिकारी झाल्या. पुरुष खेळाडूंच्या वतीनेही वाटाघाटी करण्याची जबाबदारी एका स्त्रीकडे आली, ही गोष्ट लहान नव्हे.

ज्या वर्षी गिल निवृत्त झाल्या, त्याच वर्षी तेथील महिला संघाने संप केला. कॅनडातील विश्वचषकात हा संघ उपांत्यपूर्व फेरीपर्यंत पोहोचला होता आणि बलाढ्य ब्राझीलला त्याने घरी पाठविले होते. परंतु या खेळाडूंना वर्षाला मिळत होते सुमारे २१ हजार ऑस्ट्रेलियन डॉलर. त्या देशातील किमान वेतनाहूनही कमी! जुना करार संपला, नवा होईना आणि मोबदला थांबला. तेव्हा संघाने अमेरिकेच्या दौऱ्यावर जाण्यास नकार दिला. विश्वविजेत्या संघाविरुद्धचे दोन सामने त्यांनी सोडले. खेळाडूच्या दृष्टीने हा त्याग केवढा, याची कल्पना करा. दोन महिन्यांच्या आत नवा करार झाला. २०१९ च्या करारात तर राष्ट्रीय संघांच्या व्यावसायिक उत्पन्नातील खेळाडूंचा वाटा पुरुष आणि महिला संघांत सारखा विभागण्याचे तत्त्व मान्य झाले.

येथे एक आक्षेप हमखास येतो. महिलांच्या सामन्यांना प्रेक्षक कमी, उत्पन्न कमी, मग मोबदला कमी असणारच. बाजाराचा नियम आहे! मी बाजाराचे नियम शिकवूनच पोट भरले, म्हणून याला उत्तर देणे माझे कर्तव्य ठरते. इंग्लंडमधील प्रेस्टन गावच्या ‘डिक, केर’ या कारखान्यातील कामगार स्त्रियांचा फुटबॉल संघ होता. २६ डिसेंबर १९२० रोजी त्यांचा सामना पाहण्यास सुमारे ५३ हजार प्रेक्षक लोटले होते. १९२१ च्या टाळेबंदीत खाणकामगारांच्या उपाशी कुटुंबांसाठीही स्त्रियांच्या सामन्यांतून निधी उभा राहिला. त्याच वर्षी ५ डिसेंबरला इंग्लंडच्या फुटबॉल संघटनेने हा खेळ स्त्रियांना योग्य नाही असे ठरवून आपल्या सदस्य क्लबांची मैदाने त्यांना बंद केली. ती बंदी जवळजवळ पन्नास वर्षे टिकली. म्हणजे बाजार होता. तो ठराव करून मारला गेला. अर्धशतक दुकानाला टाळे लावावयाचे आणि मग गिऱ्हाईक नाही म्हणून विक्रेत्याला हिणवायचे, याला बाजाराचा नियम म्हणत नाहीत. २०२३ च्या विश्वचषकात सिडनी येथे ऑस्ट्रेलियाचा उपांत्य सामना पाहण्यास ७५ हजारांवर प्रेक्षक होते. तरीही त्या स्पर्धेची एकूण बक्षीस रक्कम होती ११ कोटी डॉलर; आदल्या वर्षीच्या पुरुषांच्या स्पर्धेची ४४ कोटी.

आता आपल्या देशाकडे वळू. २७ ऑक्टोबर २०२२ रोजी क्रिकेट नियामक मंडळाने जाहीर केले की महिला क्रिकेटपटूंना पुरुषांइतकेच सामना-मानधन मिळेल : कसोटीस १५ लाख, एकदिवसीय सामन्यास ६ लाख. निर्णय स्वागतार्ह होता. पण त्या हंगामाच्या वार्षिक करारांत पुरुषांची वरची श्रेणी होती ७ कोटींची आणि महिलांची ५० लाखांची. शिवाय स्त्रियांना कसोटी सामने मिळतात तरी किती? २०२३ साली फुटबॉल महासंघानेही महिला लीगमधील क्लबांनी किमान १० भारतीय खेळाडूंशी वर्षाला किमान ३ लाख २० हजार रुपयांचा करार करावा, असे ठरविले. हेही पाऊल चांगलेच. मात्र या निर्णयांची जात ओळखा. ते वरून आलेले आहेत. जे वरून येते ते वरूनच काढूनही घेता येते. करार मोडला तर दाद मागता येते. दान थांबले तर फक्त हात पसरता येतो.

आपल्याकडे खेळाडू प्रशासनात गेल्या नाहीत असे नाही. पुण्याच्या शुभांगी कुलकर्णी भारताच्या कर्णधार होत्या आणि २००६ साली महिला क्रिकेट संघटना नियामक मंडळात विलीन झाली तेव्हा त्या तिच्या सचिव होत्या. त्या पिढीने पदरमोड करून खेळ जगविला, त्याचे ऋण मोठे आहे. पण प्रशासक होणे वेगळे आणि टेबलाच्या पलीकडे बसून खेळाडूंच्या वतीने मागणी करणे वेगळे. २०१९ साली क्रिकेटपटूंची जी संघटना उभी राहिली ती निवृत्तांची. फुटबॉलपटूंची संघटना २००६ पासून आहे, पण वेतनाचा सामुदायिक करार ही गोष्ट आपल्या खेळांत रुजलेली नाही.

प्रश्न केवळ पैशाचा नाही. २०२३ च्या जानेवारीत साक्षी मलिक, विनेश फोगट आणि त्यांचे सहकारी जंतरमंतरवर बसले. तक्रार लैंगिक छळाची होती, आणि निवड ज्यांच्या हाती त्यांच्याविरुद्धच ती करावयाची होती. २८ मे रोजी पोलिसांनी त्यांना तेथून फरफटत नेले. शेतकरी संघटना त्यांच्या पाठीशी उभ्या राहिल्या. पण खेळाडूंची स्वतःची भक्कम संघटना नव्हती. जागतिक स्पर्धांतील पदके असणाऱ्यांची ही स्थिती, तर तालुक्याच्या संघातील पंधरा वर्षांच्या मुलीने कोणाकडे जावे?

कोणी म्हणेल, खेळाडूचा मालक कोण हेच ठरत नाही. क्लब, महासंघ की प्रायोजक? साथींनो, हा प्रश्न आपण महाराष्ट्रात पूर्वी ऐकला आहे. हमालाचा मालक कोण, आडत्या की खरेदीदार, असेच विचारले जात होते. १९६९ च्या माथाडी कायद्याने त्याला उत्तर दिले. अंगणवाडी सेविकेचेही तेच. तिला मिळते ते मानधन, वेतन नव्हे, असे सांगितले गेले. तरीही सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२२ मध्ये तिचा उपदानाचा, म्हणजे ग्रॅच्युइटीचा हक्क मान्य केला. नाव मानधन असले तरी काम ते कामच.

शेवटी नॉर्वेचे उदाहरण सांगून थांबतो. २०१७ साली तेथील पुरुष खेळाडूंनी आपल्या व्यावसायिक उत्पन्नातील काही भाग सोडला आणि महिला संघाचा मोबदला पुरुषांइतका झाला. तेथे दोघांची संघटना एक होती, म्हणून ते जमले. आपल्या युनियनच्या शाखा हिंगोलीत आहेत, वसमतला आहेत, कळमनुरीला आहेत. आपल्या मुली शाळेच्या संघातून जिल्ह्याला, विभागाला खेळावयास जातात. त्यांचे प्रवासभाडे कोण देते, दुखापत झाली तर खर्च कोणाचा, तक्रार ऐकण्यास संघासोबत कोणी स्त्री असते का, एवढे तीन प्रश्न या हंगामात आपण विचारावयास लागू. उत्तरे लेखी मागू. खेळाडूंची संघटना त्या मुलीच पुढे उभारतील. पण लेखी मागण्याची सवय त्यांना आपण लावू शकतो. ती आपल्याला चांगली ठाऊक आहे.